सगुणासोबत कोण गेलं

इस्तारी परत आला त्या दिवशी मी तलावाच्या पाळीवर मासळी सुकत घालत होते. माघ सरत आला होता आणि दुपारचं ऊन पाठीला चटके देऊ लागलं होतं. बाजूला सावली पडली म्हणून मान वळवली, तर दाढी वाढलेला, गालाची हाडं वर आलेला एक माणूस उभा. खांद्यावर पोत्याची पिशवी, पायात टायरच्या चपला.

"दुरपता," तो म्हणाला, "पानी दे वं थोडंसं. लय चालून आलो."

तो आवाज ऐकला आणि माझ्या हातातलं सूप निसटलं. बारकी मासळी सगळी मातीत सांडली.

मडकं माझ्या हाताशीच होतं, त्यावर गडवा पालथा घातलेला. मी हात हलवला नाही.

"भेतं का मले? हात लावून पाय. जिता हाव मी."

"जा इथून," मी म्हणाले. "अजून कोनी पाह्यलं नाई. आल्या रस्त्यानं जा."

त्याने माझ्या मडक्याकडे पाहिलं. मग पाळीवरून खाली उतरला, गुडघाभर पाण्यात जाऊन ओंजळीने पाणी प्याला, तोंड पुसलं आणि गावाकडे चालू लागला. मधल्या पाण्यात पाखरं बसली होती. ती जागची हललीसुद्धा नाहीत.

तहानलेल्याला पाणी नाकारावं असं मला कोणी शिकवलं नव्हतं. पण मी गावाची हाकारीण होते. तीन वर्षांपूर्वी याच पाळीवर उभं राहून, सगळ्या गावासमोर, मी इस्तारीला या जगातून लावून दिलं होतं.

आमचं हिरडटोला म्हणजे धीवरांची चाळीसेक घरं, साकोलीपासून तीन कोसांवर. जुन्या मालगुजाराने बांधलेला मोठा तलाव, त्यातली मासळी आणि शिंगाडे, यावर सगळ्यांचं पोट. पाळीच्या उत्तर टोकाला अर्जुनाच्या झाडाखाली पाखरमायचा चौथरा आहे. तिला नाक-डोळे नाहीत. गुडघ्याएवढा काळा दगड, पंख मिटून बसलेल्या पाखरासारखा. तिला फूल वाहत नाहीत, कुंकू लावत नाहीत. काठावर गळालेलं पीस सापडलं की आणून तिच्यापुढे ठेवायचं, एवढीच पूजा.

दिवाळीच्या मागेपुढे उत्तरेकडून पाखरं येतात. मोठी, करडी, पांढऱ्या डोक्यावर दोन काळे पट्टे असलेली. फाल्गुनात एका संध्याकाळी ती सगळी मिळून उठतात आणि परत जातात. आमच्यात असं मानतात की वर्षभरात गावात जे कोणी मेलं त्याचा जीव तोवर तलावातच असतो, कमळाच्या देठांत, गाळात. त्याला पुढची वाट माहीत नसते. पाखरं उठायच्या वेळी हाकारीण पाळीवर उभी राहून एकेकाचं नाव घेते. अमक्याचा मुलगा अमका, अमक्याची बायको अमकी. नाव ऐकलं की जीव पाण्यातून वर येतो आणि पाखराच्या पाठीवर बसतो. तिथून पुढे पाखरमाय बघून घेते.

हाक एकदाच मारायची. दुसऱ्यांदा मारली तर वाटेवरचा जीव गोंधळतो आणि मध्येच कुठेतरी खाली पडतो. हाक झाली की माणूस गेला. त्याची थाळी देऊन टाकायची, बायकोला दुसरं घर करायची मोकळीक. आणि गेलेलं कोणी फिरून दारात आलंच, तर त्याला पाण्याचा घोट द्यायचा नाही. दिला तर ते इथंच अडकतं.

जिवंत माणसाची हाक मारली तर काय होतं, हे कोणाला माहीत नव्हतं. माझी आई म्हणायची, तसं झालं तर पाखरं या तलावावर पुन्हा उतरायची नाहीत.

आई हाकारीण होती. तिच्या घशात गाठ आली, आवाज गेला आणि मी एकुलती एक म्हणून हाक माझ्याकडे आली. तेव्हा मी एकवीस वर्षांची होते. हाकारणीला गाव सोडता येत नाही, म्हणून आलेली दोन स्थळं परत गेली. त्याचं मला त्या वेळी फारसं काही वाटलं नाही.

ज्या वर्षी मी पहिल्यांदा हाक मारली, त्या वर्षी यादीत पाच नावं होती. त्यांतली चार म्हातारी माणसं. पाचवी सगुणा, चार वर्षांची.

सगुणा ही इस्तारीची आणि कौतिकाची मुलगी. कौतिका माझ्या वयाची. आम्ही दोघी एकाच पाटीवर अक्षरं गिरवलेल्या, गावातच दिलेली म्हणून रोज भेटणाऱ्या. त्या आश्विनात शिंगाडे तोडायला जाताना इस्तारीने पोरीला डोंग्यात सोबत नेलं. दिवस कलायच्या आधीच तो परत आला. पोरगी त्याच्या मांडीवर होती आणि तिच्या केसांतून पाणी गळत होतं.

"हवा सुटली, डोंगा कलला," एवढंच तो म्हणत होता. "हवा सुटली, डोंगा कलला."

कौतिका ओरडली नाही. तिने पोरीला घेतलं, आपल्या पदराने केस पुसले, विंचरले, वेणी घातली. मग पुरायला दिली. त्यानंतर ती नवऱ्याशी एक शब्द बोलली नाही. शिवी दिली नाही की टाहो फोडला नाही. वेळेवर वाढायची, भांडं उचलायची. मी त्या दिवसांत तिच्या घरी जायची तेव्हा इस्तारी ओसरीच्या खांबाला टेकून बसलेला असायचा आणि ती खांबाभोवती झाडावं तशी त्याच्याभोवती झाडून निघून जायची.

तीन आठवड्यांनी त्याचा डोंगा कमळांत पालथा सापडला. माणसांनी चार दिवस जाळी टाकली. अंग मिळालं नाही. पोरीच्या मागे गेला, गाळाने धरून ठेवला, असं सगळे म्हणाले.

फाल्गुनात, हाकेच्या आदल्या दिवशी, कौतिका माझ्याकडे आली. मी आईला पेज पाजत होते.

"उद्या सगुणाची हाक हाय," ती म्हणाली.

"हो."

"तिच्या मागून त्याची भी मार."

"अंग भेटलं नाई, कौतिका. अंग भेटल्याबिगर हाक मारत नाई."

"तू मार."

"असं नाई करता येत वं."

ती खाली बसली. "चार वरसाची पोर हाये, दुरपता. साकोलीचा बाजार नाई पाह्यला तिनं. येवढ्या लांब एकटी कशी जाईन? अंधाराले भेत होती ते. त्यानं नेली न पान्यात, मंग त्यानंच सांभाळली पायजे. बाप संगं असला तं ते रडनार नाई." आणि मग आश्विनापासून जी रडली नव्हती, ती माझ्या चुलीपुढे राखेत कपाळ टेकून रडली.

मी आईकडे पाहिलं. आईने हात हलवला. हाक तुझी, तुझं तू बघ, असा त्याचा अर्थ होता. मला काय माहीत होतं ते मी आईला सांगितलं नाही. त्या दोघी समोर असताना सांगता आलं असतं. पण मी सांगितलं नाही.

दुसऱ्या दिवशी दिवस बुडता बुडता पाखरं पाण्यावरून उठली. मी चार म्हाताऱ्यांची नावं घेतली. मग "सगुणा, इस्तारीची लेक." आणि लगेच, थांबले असते तर जीभ उचलली नसती म्हणून लगेच, "इस्तारी, सोमाजीचा मुलगा, सगुणाचा बाप."

कौतिका आभाळाकडे तोंड करून उभी होती. पाखरांची रांग दिसेनाशी झाली तरी उभी होती. घरी जाऊन ती पाच महिन्यांत पहिल्यांदा पोटभर जेवली, असं तिच्या सासूने मला सांगितलं.

पुढे सासू गेली. माझी आईही गेली. दीड वर्षाने कौतिकाने इस्तारीच्या चुलत भावाचं, कवडूचं, घर केलं. कवडू तापट होता पण कष्टाळू. त्यांना मुलगा झाला. इस्तारी परत आला तेव्हा तो मुलगा सहा महिन्यांचा होता.

मासळी तशीच टाकून मी गावात गेले, तोवर कवडूच्या दारापुढे निम्मं गाव जमलं होतं. कवडू दारात वेळूची काठी आडवी धरून उभा होता. इस्तारी अंगणाच्या कडेला. दोघांमध्ये दहा पावलांची मोकळी जागा. कौतिका आत होती, दार लोटलेलं. पाळण्यातलं पोर रडत होतं आणि कोणी त्याला झोका देत नव्हतं.

"मी हाव कवडू. इस्तारी."

"इस्तारी मेला," कवडू म्हणाला. "त्याची हाक झाली. तू जो कोनी असशीन तो, माया दारातून जा."

म्हातारी माणसं मागे सरकली होती. काहीजणी पदर तोंडावर घेऊन त्याच्या पायांकडे बघत होत्या, पाय सरळ आहेत की उलटे ते. कोणीतरी हळूच म्हणालं, दिसते तं इस्तारीच. दुसरं कोणी म्हणालं, तेच तर भेव हाय.

नत्थूजी गावचे पोलीस पाटील. शहाणा माणूस, हातघाईवर येणारा नव्हे. ते म्हणाले, "असं दारात भांडून काही व्हाचं नाई. दिवस बुडाच्या आंगुदर चौथऱ्यावर बसू. हाकारीण दगडावर हात ठेवून सांगन हा कोन हाय ते. तिनं हाक मारली, तिलेच मालूम." मग माझ्याकडे वळून म्हणाले, "बाई, तू याले जवळून पाहून घे. घाई करू नोको."

त्याला गावाबाहेरच्या चिंचेखाली बसवलं. माणसं लांब उभी राहिली, ऐकू जाणार नाही इतकी लांब. मी त्याच्यासमोर जाऊन बसले.

"तूनं मले पाह्यलं होतं," तो म्हणाला. पहिलं वाक्य हेच.

मी मागे वळून माणसं किती लांब आहेत ते पाहिलं.

"साकोलीच्या स्टँडवर. मी रायपूरच्या गाडीत खिडकीपाशी बसलो होतो. तुया हातात औषदाची शिशी होती. मी हात जोडले तुले. तू पाह्यलं, दुरपता."

हे खरं होतं. त्याचा डोंगा पालथा सापडला त्याच्या दुसऱ्या दिवशी मी आईच्या घशाचं औषध आणायला साकोलीला गेले होते. गावातली माणसं तलावात जाळी टाकत होती आणि तो गाडीत बसला होता. आमची नजर भिडली. त्याने हात जोडले, मग एक बोट ओठांवर ठेवलं. गाडी सुटली. मी परत आले तेव्हा माणसं दमून काठावर बसली होती, आणि मी त्यांना सांगितलं नाही की जाळी काढा. त्याचे जोडलेले हात डोळ्यांपुढून जात नव्हते. दोन दिवस गेले, चार गेले, आणि मग सांगायला उशीर झाला.

"पाह्यलं होतं," मी म्हणाले.

"मंग मी जिता हाव हे मालूम असून हाक मारली?"

"हो."

"काहून? मी तुयं काय वाईट केलं होतं?"

मी त्याला सांगितलं. कौतिका आली होती, काय म्हणाली होती, राखेत कशी पडली होती. सगळं सांगितलं. तो ऐकत होता तेव्हा हाताने जमिनीवरची चिंचेची वाळकी पानं गोळा करत होता. मी थांबले तेव्हा त्याचा हातही थांबला.

"म्हंजे ते एकटीच गेली," तो म्हणाला.

त्याने गोळा केलेली पानं पुन्हा विखरून टाकली.

मग तो म्हणाला, "हवा नोती सुटली, दुरपता. मी मोहाची पेऊन होतो. झोप लागली मले. जाग आली तं डोंग्यात पोरगी नोती. तीन वरस रेल्वेच्या कामावर गिट्टी फोडली, पन कोनापाशी बोललो नाई. कौतिकाले सांगाले आलो होतो. तिनं मले माराव, थुकाव, पन येकदा सांगून द्याव." तो हसल्यासारखं करून म्हणाला, "मले काही घर-दार नोको होतं. कवडूचं घर मोडाले नाई आलो मी."

"मंग आता?"

"तू काय सांगशीन?"

"मले नाई मालूम," मी म्हणाले. आणि खरंच मला माहीत नव्हतं.

मी उठले. हाक मारल्यानंतरच्या कार्तिकात मी रोज पहाटे पाळीवर जाऊन आभाळ बघायची. पाखरं आली नाहीत तर गावाला सांगून टाकायचं, मग लोकांनी माझं काय करायचं ते करावं, असं ठरवलं होतं. पाखरं आली. दर वर्षीपेक्षा जास्त आली. मी पाळीवर बसून रडले आणि लोकांना ती भक्ती वाटली. त्या दिवसापासून मी स्वतःला सांगत आले होते की इस्तारी गाडीतून उतरून कुठेतरी मेलाच असेल, म्हणून मायने हाक मान्य केली. आता तो चिंचेखाली बसला होता, त्याच्या घोट्याला जखम होती आणि तिच्यावर माश्या बसत होत्या.

दिवस कलताना सगळे चौथऱ्यापाशी जमले. इस्तारीला मध्ये उभं केलं. कवडू काठी घेऊन आलेला. बायका एका बाजूला. कौतिका सगळ्यांत शेवटी आली, पोराला कडेवर घेऊन. तिने इस्तारीकडे पाहिलं नाही. ती सरळ माझ्यासमोर येऊन उभी राहिली.

नत्थूजी म्हणाले, "हात ठेव बाई."

मी दगडावर हात ठेवला. दिवसभराच्या उन्हाने तो तापलेला होता.

"आता सांग, हा कोन..."

"मले इचारू द्या," कौतिका म्हणाली. नत्थूजी थांबले. तिने पोराला दुसऱ्या कडेवर घेतलं. "दुरपता, तूनं हाक मारली. मले येवढंच सांग. माया सगुणासंगं कोन गेलं?"

पाण्यावर पाखरं आपसांत बोलत होती, दिवस बुडताना बोलतात तशी.

त्या दगडाला मी लहानपणापासून भीत आले होते. खोटं बोललं तर हात चिकटतो, असं आईने सांगितलं होतं. मी कौतिकाच्या तोंडाकडे पाहिलं.

"तिचा बाप गेला," मी म्हणाले.

"नक्की?"

"मी सोता पाह्यलं. दोघंही एका पाखरावर गेले. ते पुढं बसली होती."

कौतिकाने डोळे मिटले.

"मंग हा मानूस कोन?" नत्थूजींनी विचारलं.

"मी याले ओळखत नाई."

एवढं बोलून मी हात काढला. तो चिकटला नाही. मला वाटलं, आता इस्तारी ओरडेल, गाडीची गोष्ट सांगेल, औषधाच्या शिशीची सांगेल. सांगितली असती तर निम्म्यांनी तरी ऐकली असती. तो कौतिकाकडे बघत होता. मग त्याने डोक्याचं फडकं काढलं आणि नत्थूजींपुढे वाकला.

"बराबर हाय जी," तो म्हणाला. "मी इस्तारी नोय. दुरूगकडचा हाव. रेल्वेच्या कामावर या गावचा एक मानूस होता, त्याच्यापासून सगळं आयकलं. वाटलं, घर भेटन, खाले भेटन. चूक झाली."

मग कवडूची काठी त्याच्या पाठीवर बसली. एकदा बसल्यावर बाकीचेही धावले. दुपारभर जे भ्याले होते ते सगळे आता रागाने पेटले होते. नत्थूजी ओरडत होते, सोडा, मरन तो. तो हात वर करत नव्हता. डोकंसुद्धा झाकत नव्हता. कवडूने त्याच्या डाव्या हातावर मारलं तेव्हा फांदी मोडल्यासारखा आवाज आला आणि त्या आवाजाने सगळे एकदम थांबले.

तो उठला. मोडका हात दुसऱ्या हाताने छातीशी धरला आणि साकोलीच्या रस्त्याला लागला. पिशवी तिथेच राहिली होती. कोणीतरी ती त्याच्या मागे फेकली. ती घ्यायला तो वाकला नाही.

मी मडक्यातून गडवा भरून त्याच्या मागे गेले नाही. हे मी मुद्दाम लिहून ठेवते. आता जाता आलं असतं. आता तर तो दुरूगकडचा परका माणूस होता, त्याला पाणी द्यायला कोणाची ना नव्हती.

त्यानंतर अकरा वर्षं मी हाक मारत राहिले. अकराव्या वर्षी, पावसाळ्यात, माझ्या नावाचं एक कार्ड आलं. तुमसरकडच्या एका भातगिरणीच्या मुनीमाने लिहिलं होतं. गिरणीवर पोती वाहणारा एक माणूस सरकारी दवाखान्यात मरण पावला. एका हाताने अधू होता, स्वभावाने गरीब होता. नाव-गाव त्याने कधी सांगितलं नाही. शेवटी शेवटी एवढंच म्हणाला की हिरडटोल्याच्या दुरपताबाईला कळवा, सगुणाचा बाप गेला. आपण त्याच्या कोण लागता ते माहीत नाही, तरी कळवणं कर्तव्य समजून कळवीत आहे. प्रेताची व्यवस्था झाली आहे.

त्या फाल्गुनात मी पाळीवर उभी राहिले. वर्षाची नावं घेतली. शेवटचं नाव घेऊन झाल्यावरही तोंड उघडं ठेवून उभी राहिले, पण आवाज काढला नाही. त्याची हाक मी आधीच वापरून टाकली होती. पाखरं गेली. तलाव रिकामा झाला. तो तुमसरच्या कुठल्या पाण्यात, कुठल्या मातीत वाट बघत असेल, त्याला कोणी बोलावणारं नाही, हे मला एकटीला माहीत होतं. दुसऱ्या वर्षी मी हाक सोडली. आवाज बसला असं सांगितलं. माझ्या मावसबहिणीच्या लेकीला शिकवलं आणि मोकळी झाले.

कार्ड मी तांदळाच्या डब्यात ठेवलं होतं. ते आल्यानंतर चार वर्षांनी, मार्गशीर्षात, मी आणि कौतिका काठावर शिंगाडे सोलत बसलो होतो. तिचे केस पिकू लागले होते. मुलगा साकोलीला शिकायला होता. कवडू पाळीवर जाळं विणत होता. दोन वाजले असतील, पण ऊन लागत नव्हतं इतकी थंडी होती.

सोलता सोलता, मान वर न करता, ती म्हणाली, "तो आता कुठं असन वं?"

"कोन?"

"इस्तारी."

माझ्या हातातला शिंगाडा बोटात रुतला. "कौतिका, तो तं..."

"मी ओळखलं होतं त्याले," ती म्हणाली. "दारातच. आवाज आयकला तवाच. बाईले नवरा ओळखू येत नाई का?"

तिचे हात चालूच होते. काटा काढायचा, साल सोलायची, पांढरा गर टोपलीत टाकायचा.

"मंग मले काहून इचारलं चौथऱ्यावर?"

"तू काय म्हनतं ते पाहाले. तू हा इस्तारीच हाय म्हनली असती तं मले मान्य कराव लागलं असतं." ती थांबली. "मंग पोरगी एकटी गेली असती न."

एवढी वर्षं मला वाटत होतं की त्या दिवशी ते ओझं मी एकटीने उचललं.

"मार खाऊन रायला होता तवा माया तोंडातून आवाज निघत होता," ती म्हणाली. "मी पोराले चिमटा घेतला. ते रडलं. त्याच्या रडन्यात माया आवाज कोनाले आयकू नाई आला."

पाळीवरून कवडूने काहीतरी विचारलं, घरी कधी जायचं असं. तिने हात हलवून थांब म्हटलं. मग मला म्हणाली, "काहून आला होता तो? तुयाशी बोलला होता चिचेखाली."

"तुले काही सांगाचं होतं त्याले."

"काय?"

"नाई सांगतलं मले," मी म्हणाले.

ती माझं तोंड बघत राहिली. मग पुन्हा विचारलं, "कुठं हाय आता? तुले मालूम हाय. तुया तोंडावरून दिसते."

मी सांगितलं. कार्ड आलं, भातगिरणी, दवाखाना, चार वर्षं झाली. शेवटी काय म्हणाला तेही सांगितलं.

कौतिकाने हातातला शिंगाडा पूर्ण सोलला. टोपलीत टाकला. लुगड्यावरची सालं झटकली. उठून ती पाण्याकडे गेली आणि थांबली नाही. त्या गारठ्यात, अंगावरच्या लुगड्यानिशी, ती छातीइतक्या पाण्यात गेली आणि डोकं पाण्याखाली घातलं. एकदा. वर आली, केस मोकळे झाले होते. पुन्हा एकदा.

कवडू हातातलं जाळं टाकून धावत आला. "काय झालं? काय झालं वं?"

ती कुडकुडत काठावर आली. दात वाजत होते.

"काही नाई," ती म्हणाली. "पाय घसरला."